‘ज्याचं त्याचं खरं’ म्हणणाऱ्या लेकीने पुढे काय करावं?

भांडुपहून एका वडिलांनी पत्र पाठवलंय. मुलगी टी.वाय.बी.ए.ला आहे, विषय तत्त्वज्ञान, आणि पुढे त्यातच एम.ए. करायचं म्हणते. वडील सोसायटीचे सेक्रेटरी, इमारत पुनर्विकासाला निघालेली. ते लिहितात: ‘कशावरही बोललो की ही म्हणते, बाबा, ते तुमचं खरं. अंतिम सत्य कुणाकडेच नसतं, म्हणून तर लोकशाही आहे आणि मतदान घ्यावं लागतं. परवा स्ट्रक्चरल ऑडिटच्या, म्हणजे इमारतीच्या मजबुतीच्या तपासणीच्या, रिपोर्टलाही म्हणाली, तेही एक मतच. या विषयाने हिचं डोकं फिरलंय का? यात नोकरी कुठे आहे? तिला बँकेच्या परीक्षांना बसवू का?’

सप्रेम नमस्कार,

डोकं वगैरे काही फिरलेलं नाही. तुमची लेक जे बोलते ते एका फार मोठ्या माणसाने जवळपास तसंच मांडलेलं आहे. हान्स केल्सन हे कायदेपंडित, 1920 च्या ऑस्ट्रियन राज्यघटनेचा मसुदा करणाऱ्यांतले प्रमुख. त्यांचं म्हणणं असं: अंतिम सत्य आपल्याला सापडलंय अशी ज्याची खात्री असते, त्याला विरोधकाचं ऐकून घ्यायची, मतं मोजायची गरजच वाटत नाही. ज्याला तशी खात्री नसते तोच आजच्या अल्पमताला उद्या बहुमत व्हायची मोकळीक देतो. म्हणून लोकशाहीला सापेक्षतावादाची, म्हणजे कुणाचंच सत्य अंतिम नसतं या विचाराची, बैठक लागते.

त्यांनी दाखला कुठला दिला तर येशूच्या खटल्याचा. ‘सत्य म्हणजे काय?’ असं विचारून येशूचा न्याय करणारा रोमन अधिकारी पिलात उत्तरासाठी थांबलाच नाही. त्याने निर्णय लोकांवर सोपवला आणि लोकांनी येशूऐवजी बरब्बा नावाच्या कैद्याची सुटका मागितली. लोकशाहीच्या बाजूने बोलणारा माणूस हा दाखला देतो, याचं मला दर वेळी नवल वाटतं. हा तर लोकशाहीच्या विरोधातला पुरावा झाला, असं कुणी म्हणेल हे केल्सनना ठाऊक होतं. त्यांचं उत्तर साधारण असं की, हा आक्षेप जरूर घ्या, पण येशूला स्वतःच्या सत्याची जितकी खात्री होती तितकी तुम्हाला तुमच्या सत्याची असेल तरच. 1933 मध्ये नाझींनी त्यांना कोलोन विद्यापीठातून काढलं. म्हणून घरात लेकीचं हे वाक्य ऐकलं की ‘गप्प बस’ म्हणू नका, त्याला वजन आहे.

आता तिची बाजू जिथे लंगडी पडते ते सांगतो, आणि हा भाग तिलाही वाचायला द्या.

‘सगळं ज्याच्या त्याच्या जागी खरं’ असेल, तर हुकूमशहाचंही त्याच्या जागी खरंच. पुढे इटलीचा हुकूमशहा झालेल्या मुसोलिनीने 1921 मध्ये नेमकं हेच केलं. सापेक्षतावादाचा हवाला देऊन त्याने लिहिलं की, सगळ्या विचारसरणी सारख्याच, तर प्रत्येकाने आपली घडवावी आणि सगळं बळ लावून लादावी. एकाच गृहीतकावरून केल्सन मतपेटीपाशी पोचतात आणि मुसोलिनी दंडुक्यापाशी. याचा अर्थ, लोकशाहीकडे यायला मध्ये आणखी काहीतरी लागतं: माणसं समान आहेत, हे कुठेतरी ठामपणे धरावं लागतं. ते ठामपण तुमची लेक कुठून आणते, एवढंच तिला विचारा. रागावून नको, जेवताना सहज.

ऑडिटचं म्हणाल तर तिथे ती घसरली आहे, पण पूर्ण नाही. 30 वर्षांपुढच्या इमारतीचं ऑडिट दर 3 वर्षांनी करायचं असतं. इंजिनिअर कॉलमला ठोकून बघतो, कोअर म्हणजे काँक्रीटचा नमुना काढून लॅबला पाठवतो, काँक्रीटची ताकद आकड्यात येते. सभेत सगळ्यांनी हात वर केले म्हणून तो आकडा वाढत नाही, आणि गंजलेली सळई ठराव वाचत नाही. विकासक कुठला, भाडं किती, वाढीव जागा की जास्त कॉर्पस (विकासकाकडून मिळणारी एकरकमी रक्कम), ही मात्र मतदानाची बाब. तिथे जोशींचं आणि शेखांचं मत सारख्याच वजनाचं. कुठली गोष्ट मताला टाकायची आणि कुठली नाही, ही गल्लत सोसायटीतच काय, विधानसभेतही होते.

पण रिपोर्ट चुकू शकतो, हे तिचं बरोबरच आहे. मुंबईत एकाच इमारतीला एक ऑडिटर सी-1 म्हणजे पाडण्याजोगी ठरवतो आणि दुसरा दुरुस्तीवर भागवतो, हे तुम्ही सेक्रेटरी म्हणून पाहिलं असेलच. अशा वेळी प्रकरण महापालिकेच्या तांत्रिक सल्लागार समितीकडे जातं, कागद आणि चाचण्या पुन्हा तपासल्या जातात. ‘माझं चुकू शकतं’ म्हणणारा पुन्हा तपासायला तयार असतो. ‘सगळंच खरं’ म्हणणाऱ्याला तपासायला काही उरतच नाही. मला विचाराल तर लोकशाहीला पहिला माणूस हवा असतो, आणि केल्सन यांच्या लिखाणातलं टिकाऊ तेही तेवढंच.

आपल्याकडे हा प्रश्न पुस्तकी राहिलेला नाही. बाबासाहेबांनी 4 नोव्हेंबर 1948 ला घटना समितीत सांगितलं की संवैधानिक नीती माणसात उपजत नसते, ती जोपासावी लागते. पुढे 1973 मध्ये केशवानंद भारती खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं की संसदेला कितीही मोठं बहुमत असलं तरी घटनेच्या मूलभूत चौकटीला हात लावता येणार नाही. म्हणजे काही गोष्टी मतदानाच्या वर. आता गंमत बघा, न्यायाधीश 13 होते आणि हा निकाल 7 विरुद्ध 6 असा लागला. बहुमताला मर्यादा आहे, हेही एका मताच्या बहुमताने! हे ऐकून जिचे डोळे चमकतील, तिला बँकेच्या परीक्षेच्या गणितांत कोंबू नका.

नोकरीचं स्पष्टच लिहितो. तत्त्वज्ञानात एम.ए. करून मुंबईत प्राध्यापक व्हायचं, ही वाट फार अरुंद आहे. विषय ठेवणारी कॉलेजं मोजकी, एम.ए.ला 55 टक्के आणि नेट किंवा सेट ही प्राध्यापकपदाची पात्रता परीक्षा हवीच, आणि तेवढं करूनही सुरुवात बहुतेकदा तासिका तत्त्वावर होते. वर्ष संपलं की काम संपलं. घर तिच्या पगारावर चालणार नसेल आणि तिला संशोधनच करायचं असेल, तर जरूर जावं. जेआरएफ ही संशोधनाची शिष्यवृत्ती मिळाली तर पीएच.डी.ची सोय होते.

पण तुमच्या पत्रातली मुलगी मला वेगळी दिसते. तिला वाद घालायला आवडतो, आणि वादही अधिकाराचा: कुणी ठरवायचं, कशावर ठरवायचं. माझं मत तीन वर्षांच्या एलएल.बी.कडे झुकतं. कुठल्याही शाखेची पदवी चालते, खुल्या गटाला 45 टक्के लागतात, प्रवेश राज्याच्या सीईटीवर. चर्चगेटच्या शासकीय विधि महाविद्यालयाची फी खासगी कॉलेजांच्या मानाने किरकोळ आहे, फक्त सीईटीचा स्कोअर तगडा लागतो. केल्सन तिथे अभ्यासक्रमातच भेटतील, विधिशास्त्राच्या पेपरात. तत्त्वज्ञानाची एम.ए. नंतर, बाहेरून केली तरी बिघडत नाही.

यूपीएससीचं भूत कुणीतरी तुमच्या कानात घातलं असणारच. तत्त्वज्ञान हा वैकल्पिक विषय घेता येतो, 250 गुणांचे दोन पेपर असतात, आणि 2013 पासून नीतिशास्त्राचा वेगळा 250 गुणांचा पेपर आहे. म्हणजे अभ्यास वाया जात नाही. पण त्या परीक्षेत किती जण निवडले जातात हे तुम्हालाही माहीत आहे. हातात एलएल.बी. असू द्या, मग दोन प्रयत्न खुशाल करू द्या.

फॉर्म भरण्याआधी एक करा. ‘ऑडिट रिपोर्ट हे एक मतच आहे’ हे तिचं वाक्य विषय म्हणून द्या आणि आधी त्याच्या विरोधात, मग बाजूने, दोन-दोन पानं लिहून घ्या. मराठीत लिहिलं तरी चालेल. विरोधातली पानं जास्त चांगली उतरली तर कोर्टाची वाट धरायला हरकत नाही. दोन्ही टाळून तिने तिसरंच काही लिहिलं, तर ती पानं मला पाठवा, मग एम.ए.बद्दल पुन्हा बोलू.