डायप्रोटोडॉन की डायप्रोटोडॉन्ट? आधी शब्दाच्या शेपटाकडे बघा

‘डायप्रोटोडॉन’ हा नामशेष प्राणी आणि ‘डायप्रोटोडॉन्ट’ हे एकच का, हा तुमचा गोंधळ अगदी रास्त आहे, सुरुवातीला सगळेच इथे अडखळतात. शब्द ग्रीक आहे: दोन, पुढचे, दात. खालच्या जबड्यातून पुढे आलेले दोन मोठे पटाशीचे दात, एवढाच अर्थ. १८३८ साली ब्रिटिश शास्त्रज्ञ रिचर्ड ओवेन यांनी ऑस्ट्रेलियातल्या वेलिंग्टन गुहांमधल्या जीवाश्मांवरून हे नाव दिलं.

आता तीन रूपं नीट वेगळी ठेवा:

- डायप्रोटोडॉन: एकच प्रजाती (जीनस), नामशेष. आजवर माहीत असलेला सर्वांत मोठा शिशुधान (पोटाच्या पिशवीत पिल्लू वाढवणारा) प्राणी, वजन अडीच टनांच्या वर.
- डायप्रोटोडॉन्टिड: त्याचं अख्खं कुल (फॅमिली). यातलंही आज कुणी जिवंत नाही.
- डायप्रोटोडॉन्ट: पूर्ण गण (ऑर्डर), म्हणजे कुलाहूनही मोठा गट. यात कांगारू, कोआला, वॉम्बॅट येतात, आणि ते आजही मजेत चरताहेत!

म्हणून ‘सगळे डायप्रोटोडॉन्ट नामशेष झाले’ असं लिहू नका. नवख्यांची सर्वांत मोठी चूक हीच.

दुसरी चूक आपल्या मराठीतली. वर्तमानपत्रं ‘प्रजाती’ हा शब्द सर्रास ‘जाती’साठी वापरतात. शास्त्रीय मराठीत प्रजाती म्हणजे जीनस, जाती म्हणजे स्पीशीज. ही सवय आत्ताच लावून घ्या, पुढे फार सोपं जातं.

आणि डायप्रोटोडॉनला वॉम्बॅटचा पूर्वज म्हणू नका, तो नातेवाईक आहे. उपकुलं, दातांची सूत्रं सध्या बाजूला राहू द्या. आधी एखादी कवटी, निदान फोटोत, पाहा आणि ते दोन दात शोधा.