जॅग्वारला चित्ता म्हणावं का?

प्रश्न असा आहे: माया संस्कृतीवरच्या एका मराठी लेखात याश्चिलान या माया नगराच्या राजाचं नाव ‘पक्षी-चित्ता’ असं छापलं आहे. जॅग्वारला चित्ता म्हणणं बरोबर आहे का? नसेल तर मराठी शब्द कोणता?

चित्ता अजिबात नको. चित्ता शिडशिडीत, मोकळ्या माळावर धावून शिकार करणारा. जॅग्वार थोराड, दाट रानातला, पाण्यात सहज पोहणारा. दिसायला तो बिबट्याच्या जवळचा, पण बिबट्याच्या अंगावरची वर्तुळं बहुधा आतून रिकामी असतात, जॅग्वारच्या वर्तुळांत आणखी बारीक ठिपके दिसतात. आणि बिबट्या अमेरिकेत नाहीच. हा प्राणी आपल्या रानात नव्हता, म्हणून त्याला घरचा शब्द नाही. ‘जॅग्वार’च लिहावं.

मात्र ‘जॅग्वार’ हा शब्दही मायांचा नव्हे. तो दक्षिण अमेरिकेतल्या तुपी-ग्वारानी भाषांतून पोर्तुगीजमार्गे युरोपात गेला. मायांचा शब्द ‘बालाम’. तो लिहायची त्यांची रीत मला फार आवडते. कधी नुसतं जॅग्वारचं डोकं काढायचं, कधी त्या डोक्याला ‘बा’चं चिन्ह जोडून वाचणाऱ्याला खूण द्यायची, तर कधी बा-ला-मा अशी तीन चिन्हं मांडायची. शेवटच्या ‘मा’तला स्वर उच्चारायचा नाही. आपण ‘घर’ लिहितो आणि ‘घर्’ म्हणतो, तसंच!

हा शब्द राजांच्या नावांत सारखा भेटतो. लेखातला राजा म्हणजे ७५२ साली गादीवर आलेला चौथा याशून बालाम. पालेंके या दुसऱ्या माया नगरात दुसरा किनिच कान बालाम ६८४ ते ७०२ राज्य करत होता. मायांच्या लेखी जॅग्वार रात्रीचा, पाताळाचा प्राणी. मावळलेला सूर्य पाताळातून जाताना जॅग्वारचं रूप घेतो, असं अनेक अभ्यासक मानतात. ग्वातेमालातल्या किचे मायांच्या ‘पोपोल वुह’ या पुराणग्रंथामध्ये मक्यापासून घडवलेल्या पहिल्या चार पुरुषांपैकी तिघांच्या नावात बालाम आहे, त्यातल्या बालाम-आकाबमधलं ‘आकाब’ म्हणजे रात्र.

म्हणून माझा आग्रह आहे की राजाचं नाव ‘याशून बालाम’ असंच ठेवावं आणि अर्थ एकदा कंसात द्यावा. मेक्सिकोतल्या यूकातानात ‘बालाम’ हे आजही आडनाव आहे. आपल्याकडच्या ‘वाघ’ आडनावाचं कुणी भाषांतर करतं का?