चष्मा लावला की ऐकू येतं!

प्रश्न : वडिलांनी तीस वर्षं यंत्रमागावर काढली. आता कमी ऐकू येतं. पण कोणी बोलायला लागलं की ते आधी चष्मा मागतात. घरात सगळे हसतात. यात काही तथ्य आहे का?
– एक वाचक, पूर्व भाग, सोलापूर

उत्तर : हसू नका, वडिलांचं बरोबर आहे : चष्म्याने बोलणाऱ्याचे ओठ नीट दिसतात. मागाच्या खडखडाटाने कान आधी जातात ते बारीक आवाजांत, साधारण ४००० हर्ट्झच्या आसपास. मग बोलणं ऐकू येतं, पण ‘पान’ म्हटलं की ‘कान’, ते उमगत नाही. हा फरक ओठांवर स्पष्ट दिसतो : ‘प’ला ओठ मिटतात, ‘क’ला नाही. उलट ‘बाळ’ आणि ‘माळ’ ओठांवर सारखेच दिसतात, पण तो फरक जाड आवाजातला, त्यांच्या कानाला अजून कळणारा. कान आणि डोळा, एकाचं उणं दुसरा भरून काढतो.

घरीच पाहा. एका मोबाइलवर कोणी ‘गा, गा’ म्हणतानाचा व्हिडिओ आवाज बंद करून लावा. दुसऱ्यावर त्याच लयीत ‘बा, बा’ वाजवा. ठेका जुळला, तर पुष्कळांना ‘दा’ ऐकू येतं. डोळे मिटले की पुन्हा ‘बा’. मॅकगर्क आणि मॅकडोनाल्ड यांनी १९७६ मध्ये हे दाखवलं. गंमत म्हणजे युक्ती माहीत असूनही कान फसतात.

बोलताना तीन-चार फुटांवर समोर बसा. उजेड बोलणाऱ्याच्या तोंडावर हवा. पाठीशी खिडकी असेल तर चेहरा काळा दिसतो. ओरडू नका, ओठांचा आकार बिघडतो. तोंडात मावा धरून बोलणाऱ्याचं तर धडधाकट कानालाही कळत नाही! ऑडिओमेट्री, म्हणजे ऐकण्याची तपासणी, मात्र करून घ्याच. चष्मा हा कमी ऐकू येण्यावर उपाय नव्हे.

प्रश्न : टीव्हीला ब्लूटूथ स्पीकर जोडल्यापासून वडिलांना बातम्या आणखीच कळेनाशा झाल्या. आवाज तर मोठा आहे.

उत्तर : आवाज ओठांच्या मागे पडतोय. ब्लूटूथमध्ये १००-२०० मिलिसेकंद सहज जातात. आवाज थोडा उशिरा आला तर मेंदू चालवून घेतो. गड्ड्याच्या जत्रेतलं दारूकाम साडेतीनशे मीटरवरून पाहिलं तरी बार सेकंदभर उशिराच ऐकू येतो. पण बोलण्यात सुमारे १२५ मिलिसेकंदांपुढे फरक जाणवू लागतो. अनेक टीव्हींतलं ‘ऑडिओ डिले’ हे सेटिंग आवाज आणखी मागे ढकलतं, म्हणून इथे ते निरुपयोगी. ब्लूटूथऐवजी टीव्हीपासून स्पीकरपर्यंत ऑप्टिकल किंवा एचडीएमआय एआरसीची वायर लावा. त्यानंतर आवाज चित्राच्या पुढे पळू लागला – हे तर ४५ मिलिसेकंदांतच खटकतं – तर मात्र तेच डिले दहा-दहाने वाढवत ओठ जुळवा.