वाचकांचे प्रश्न : भारताची जर्सी आणि भारताचा पासपोर्ट

प्रश्न : कोल्हापूरला शाहू स्टेडियमवर पेठांचे सामने असले की आम्ही निपाणीहून हमखास जातो. माझा भाचा ऑस्ट्रेलियात जन्मला असून तिथे चांगला फुटबॉल खेळतो. त्याच्याकडे ओसीआय (ओव्हरसीज सिटिझन ऑफ इंडिया, म्हणजे भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना मिळणारे) कार्ड आहे. तो भारताकडून खेळू शकेल का, यावरून घरात वाद झाला, तेव्हा पुणे एफसीच्या इझुमी अरातांचा दाखला निघाला. जपानमध्ये जन्मूनही ते भारताकडून कसे खेळले?
– एक वाचक, निपाणी

उत्तर : अरातांचा जन्म ३१ जुलै १९८२ रोजी शिमोनोसेकी येथे झाला. त्यांची आई जपानी आणि वडील मूळचे गुजराती, म्हणूनच नीलकंठ खंभोळजा हे भारतीय नावही त्यांना आहे. ईस्ट बंगाल आणि महिंद्र युनायटेडकडून खेळून ते २००९ मध्ये पुणे एफसीकडे आले आणि तिथेच खऱ्या अर्थाने रुजले.

वडील ज्या देशात जन्मले त्या देशाकडून खेळण्यास फिफाची हरकत नसते. मात्र त्या देशाचे नागरिकत्व खेळाडूकडे असावेच लागते. भारतात दुहेरी नागरिकत्व नाही, आणि राष्ट्रीय संघात केवळ भारतीय पासपोर्ट असलेल्यांनाच घ्यायचे, असे केंद्र सरकारचे २००८ पासूनचे धोरण आहे. त्यामुळे अरातांना जपानचे नागरिकत्व सोडावे लागले. ६ फेब्रुवारी २०१३ रोजी कोचीत पॅलेस्टाईनविरुद्ध ते भारताकडून प्रथम उतरले, तेव्हा त्यांनी वयाची तिशी ओलांडली होती. तो सामना आपण २-४ असा गमावला. पुढेही त्यांच्या वाट्याला मोजकेच आंतरराष्ट्रीय सामने आले. पण ज्या देशात जन्म झाला, ज्याची भाषा आईकडून मिळाली, त्याचा पासपोर्ट परत करून त्यांनी ही जर्सी मिळवली, हे मला त्या सामन्यांच्या संख्येपेक्षा फार मोठे वाटते.

आता भाच्याविषयी. ओसीआयची पुस्तिका दिसते पासपोर्टसारखी, पण ती म्हणजे आजीवन व्हिसा होय. तिच्यावर मतदान करता येत नाही, आपल्याकडे शेतजमीन विकत घेता येत नाही आणि भारताकडून खेळताही येत नाही. मात्र कार्ड मिळून पाच वर्षे झालेली असतील आणि अर्जापूर्वीचे सलग बारा महिने भारतात वास्तव्य असेल, तर सज्ञान व्यक्तीला नागरिकत्वासाठी अर्ज करता येतो. बेंगळुरू एफसीचे रायन विल्यम्स यांचे उदाहरण आपल्याला अधिक जवळचे ठरेल. त्यांचा जन्म ऑस्ट्रेलियातला, तर आईचा मुंबईतला; २०२५ मध्ये त्यांनी ऑस्ट्रेलियाचे नागरिकत्व सोडून भारताचे स्वीकारले.

भाच्याचे वय आपण कळवलेले नाही. तो अठराच्या आत असेल, तर अर्जाचा प्रश्न तूर्त येत नाही. त्यानंतरही जन्मभूमीचा पासपोर्ट सोडायचा की नाही हे त्याचे त्यानेच ठरवावे, मामाच्या हौसेपोटी त्याच्यावर दडपण येऊ नये, अशी आपणांस कळकळीची विनंती आहे.