गेममध्ये बटण दाबून बोललो तर मित्रांना आवाज जात नाही, बाहेर मात्र जातो. नवा माइक घेऊ, की बटण सोडून सरळ ओपन माइक ठेवू?

माइक घेऊ नका, निदान आत्ता तरी. आणि ओपन माइक तर मुळीच ठेवू नका.

तुम्ही लिहिलंय की डेस्कटॉपवर असताना सगळं नीट चालतं, गेम सुरू झाला की पुश टू टॉकचं, म्हणजे दाबून धरेपर्यंतच माइक चालू ठेवणारं, बटण दाबूनही काही जात नाही. हेडफोन ब्लूटूथचे आहेत आणि मित्र म्हणतात आवाज डब्यातून आल्यासारखा येतो. शेवटी एक वाक्य आहे, 'सगळे म्हणतात माझा माइकच खराब आहे.' त्या वाक्यामुळे मी लिहायला बसलो. हेच वाक्य मी तीन महिने रोज ऐकलंय.

आम्ही पाच जण खेळायचो. कप्तान माझा मावसभाऊ, माझ्याहून सहा वर्षांनी मोठा, म्हणून मी त्याला दादाच म्हणतो. कॉल द्यायचं काम माझ्याकडे होतं. समोरचे कुठून येतायत, किती आहेत, कोणी कुठे थांबायचं, हे मी सांगायचं. मला नकाशे पाठ असतात आणि पावलांच्या आवाजावरून माणूस कुठे आहे ते चटकन कळतं. या कामाचा मला अभिमान होता, अजूनही आहे.

दादाचा नियम होता, सगळ्यांनी ओपन माइकवर राहायचं. त्याचं म्हणणं, बटण दाबण्यात वेळ जातो आणि ऐन मारामारीत बोटं मोकळी हवीत. मी खेळायचो रात्री, शेजारच्या खोलीत आई झोपलेली असायची, त्यामुळे दबक्या आवाजात बोलायचो. मी एक सांगायचो आणि टीम भलतीकडेच वळायची. दादा चिडायचा, 'नीट बोल की, काय पुटपुटतोयस!' मी आवाज चढवला की दोन राउंड बरे जायचे, मग परत तेच. मग निघालं की माझा माइक गेलाय. माइक बदलला. मग निघालं की माझं नेट फालतू आहे. वायफाय सोडून राउटरपासून केबल ओढली. एका रँक्ड सामन्याच्या शेवटच्या राउंडला मी म्हणालो 'डावीकडे दोघं', उरलेले तिघेही उजवीकडे वळले आणि पाठीत गोळ्या खाऊन पडले. त्याच रात्री कॉल द्यायचं काम माझ्याकडून काढून घेतलं. ते मला फार लागलं.

आमच्यातला एक जण प्रत्येक सामना रेकॉर्ड करायचा, त्याला ऐकू येणाऱ्या आमच्या आवाजासकट. त्या रात्रीचं रेकॉर्डिंग मी मागून घेतलं आणि तेच दोन सेकंद पंधरा-वीस वेळा ऐकले. मी म्हणालो होतो 'डावीकडे दोघं'. त्याच्याकडे पोचलं होतं 'वीकडे दोघं'. आधीचे राउंड काढून बघितले. जिथे 'उजवीकडे' म्हणालो होतो तिथेही 'वीकडे'. सुरुवातीचं अक्षर-दोन अक्षरं गळली की आपल्या भाषेतले हे दोन्ही शब्द एकच होतात. टीम तीन महिने अंदाजाने वळत होती. माझ्या मशीनवर त्याच माइकने केलेलं रेकॉर्डिंग मात्र स्वच्छ होतं, 'डा'सकट.

ओपन माइक हे नावच फसवं आहे. तो सतत उघडा नसतो. मध्ये एक गेट असतं. आवाज ठरावीक पातळीच्या वर गेला की ते उघडतं आणि खाली आला की मिटतं. खणखणीत बोलणाऱ्याला याचा पत्ता लागत नाही. हळू बोलणाऱ्याचं पहिलं अक्षर गेट उघडेपर्यंत निघून गेलेलं असतं. ती पातळी व्हॉइस ॲप, म्हणजे आपण ज्यावर बोलतो ते ॲप, आपोआप ठरवत असेल तर पंखा लावला, पाऊस आला, की तीही बदलते. आज ठीक आणि उद्या बिघडलं, असं होतं ते त्यामुळे.

म्हणून 'तुझा आवाज तुटतो' असं कोणी म्हणालं की मी आधी विचारतो, शब्द कुठे तुटतो? सुरुवात गळत असेल तर गेट. शेवट गळत असेल तर बटण लवकर सुटतंय, किंवा नॉइज सप्रेशन, म्हणजे ॲपमधली गोंगाट गाळणारी सोय, शब्दाचं शेपूट गोंगाट समजून कापतंय. मधूनच, कुठेही, नेम नसल्यासारखं तुटत असेल तर नेट. बहुतेक व्हॉइस ॲप ओपस हा कोडेक, म्हणजे आवाज दाबून लहान करायची पद्धत, वापरतात. २०१२ साली तो मानक म्हणून ठरला. त्यात आवाजाचे साधारण वीस-वीस मिलिसेकंदांचे तुकडे करून सेकंदाला पन्नास पाकिटं पाठवतात, यूडीपीवरून, म्हणजे पोचपावती न मागणाऱ्या पद्धतीने. हरवलेलं पाकीट परत मागवत नाहीत, कारण ते येईपर्यंत त्याचा उपयोग संपलेला असतो. त्यामुळे नेटचा दोष शब्दात कुठेही भोक पाडतो, दर वेळी नेमकं पहिलंच अक्षर खात नाही. माझं नेट फालतू नव्हतं हे एवढ्यावरून कळायला हवं होतं. मला तेव्हा कळलं नाही, आणि दादाने विचारच केला नाही.

आता तुमचं दुखणं. रेकॉर्डिंग ऐकल्याच्या दुसऱ्या दिवशी मी पुश टू टॉक लावलं, माउसच्या अंगठ्याखालच्या बटणावर. ॲपमध्ये तपासलं. दाबलं की माझ्या नावाभोवतीचं वर्तुळ हिरवं व्हायचं, सोडलं की विझायचं. गेम सुरू केला आणि अख्ख्या राउंडमध्ये माझा एक शब्द कोणाला गेला नाही. दादा म्हणाला, 'बघितलंस? बटणाचं हे असंच असतं.' माझ्याकडे उत्तर नव्हतं. परत ओपन माइक.

उत्तर सापडायला आणखी पाच आठवडे गेले. फार पूर्वी गेम अडकायचा, तेव्हा कोणाच्या तरी सांगण्यावरून मी त्याच्या प्रॉपर्टीजमध्ये जाऊन कम्पॅटिबिलिटीखाली 'रन धिस प्रोग्रॅम ॲज ॲन ॲडमिनिस्ट्रेटर'वर टिक केली होती आणि विसरून गेलो होतो. म्हणजे गेम ॲडमिनच्या अधिकारात चालत होता आणि व्हॉइस ॲप साध्या. विंडोजमध्ये व्हिस्टापासून, म्हणजे २००७ पासून, असा बंदोबस्त आहे की वरच्या अधिकाराची विंडो समोर असेल तर खालच्या अधिकाराच्या प्रोग्रॅमला तिथे काय दाबलं जातंय ते कळू द्यायचं नाही. बंदोबस्त योग्यच आहे, नाहीतर कुठलाही भुरटा प्रोग्रॅम तिथे टाइप होणारा पासवर्ड वाचेल. पण त्यामुळे गेम समोर असेपर्यंत व्हॉइस ॲपला तुमचं बटण दिसतच नाही. माइक ठणठणीत, नेट ठणठणीत, बटणही ठणठणीत. ऑल्ट-टॅब करून बाहेर आलात की सगळं चालू होतं, त्यामुळे तिकडे संशयही जात नाही. तुमचं वर्णन हुबेहूब हेच आहे.

खात्री करायची तर गेम चालू ठेवून टास्क मॅनेजर उघडा, डिटेल्समध्ये 'एलिव्हेटेड' हा रकाना दाखवायला लावा आणि गेमसमोर 'येस' आहे का बघा. असेल तर ती टिक काढा. गेमला किंवा त्याच्या लाँचरला ॲडमिन लागतच असेल तर व्हॉइस ॲपही ॲडमिन म्हणून सुरू करा, पण आधी ते घड्याळाजवळच्या ट्रेमधून पूर्ण बंद करा. खिडकीची फुली दाबून ते बहुतेक वेळा मागे चालूच राहतं आणि मग काहीच बदल झालेला दिसत नाही.

डब्यातल्या आवाजाचं कारण वेगळं आहे आणि तेही माइक खराब असण्याचं नाही. ब्लूटूथ हेडफोन नुसते ऐकायला वापरता तेव्हा स्टिरिओ आवाज एका दिशेने येतो. माइक उघडला की हेडफोन हँड्स-फ्री प्रोफाइलवर, म्हणजे फोनवर बोलायच्या पद्धतीवर, जातात. तिथे आवाज दोन्ही दिशांनी जायचा असतो, म्हणून जाणारा आणि येणारा दोन्ही मोनो होतात, डावं-उजवं वेगळं राहत नाही. जुन्या प्रकारात सेकंदाला फक्त ८,००० नमुने, म्हणजे जुन्या टेलिफोनइतका आवाज. थोड्या नव्यात १६,०००. मित्रांना तुम्ही डब्यातून ऐकू येता आणि तुम्हाला पावलं डावीकडून आली की उजवीकडून ते कळत नाही. कॉल देणाऱ्याला हे परवडत नाही. हेडफोन ऐकण्यापुरते ठेवा आणि इनपुट म्हणून दुसरा कुठलाही माइक निवडा, लॅपटॉपचा नाहीतर वेबकॅमचा. विंडोजच्या साउंड सेटिंगमध्ये 'डिफॉल्ट डिव्हाइस' आणि 'डिफॉल्ट कम्युनिकेशन डिव्हाइस' अशी दोन वेगळी खाती असतात, दोन्हीकडे बघा. तिथेच कम्युनिकेशन्स टॅबमध्ये, कोणी बोलायला लागलं की बाकीचे आवाज ८० टक्के कमी करायचं सेटिंग आपोआप लागलेलं असतं. ते 'डू नथिंग' करा.

राहिला ओपन माइकचा प्रश्न. बटण दाबायला वेळ जातो हे मला मान्य नाही. काय सांगायचं हे डोक्यात जुळेपर्यंत अंगठा बटणावर गेलेला असतो. वायरलेसवर बोलणाऱ्यांना शिकवतात तसं करायचं: दाबायचं, क्षणभर थांबायचं, बोलायचं, वाक्य संपवायचं, मग सोडायचं. आठवडाभरात हात बसतो. ॲपमध्ये 'रिलीज डिले', म्हणजे बटण सोडल्यावरही माइक थोडा वेळ उघडा ठेवायचं सेटिंग, असेल तर तो पाव सेकंद करा म्हणजे शेवटचं अक्षर वाचेल. ओपन माइकवर बोटं मोकळी राहतात खरी, पण पाच घरांतले पंखे, कीबोर्ड आणि दारावरच्या बेल सगळ्यांच्या कानात येतात. एकटा जिवंत उरलेला माणूस पावलं ऐकायचा प्रयत्न करत असतो आणि चौघांचे श्वास त्याच्या कानात असतात. दादा तर स्पीकर लावून खेळायचा. आमचेच शब्द त्याच्या माइकमधून आमच्याकडे परत यायचे, आणि त्याचा माइक खराब आहे असं कोणी कधी म्हणालं नाही.

ते दोन सेकंद मी दादाला पाठवले होते. 'डावीकडे' आणि 'उजवीकडे' एकापाठोपाठ लावून. त्याचं उत्तर आलं, 'म्हणजे तू हळूच बोलत होतास ना.' हो, बोलत होतो. रात्री एक वाजता घरात माणसं झोपलेली असताना हळूच बोलतात. सगळ्यांना ओरडायला लावण्यापेक्षा एक सेटिंग बदलणं सोपं होतं. त्यानंतर महिन्याभरात मी ती टीम सोडली. आता दुसऱ्या टीममध्ये कॉल मीच देतो, पाचही जण पुश टू टॉकवर आहेत आणि मी अजूनही दबक्या आवाजातच बोलतो.

काही गोष्टी आधी सांगायला हव्या होत्या. वरचं ॲडमिनचं प्रकरण व्हॉइस ॲप गेमपासून वेगळं असेल तरच लागू होतं. गेमच्या आतलंच व्हॉइस चॅट वापरत असाल तर गेमच्या ऑडिओ सेटिंगमध्ये कुठला माइक निवडलाय ते बघा, आणि विंडोजच्या प्रायव्हसीत डेस्कटॉप ॲपना माइकची परवानगी आहे ना तेही. एलई ऑडिओ हा ब्लूटूथचा नवा प्रकार हेडफोन आणि मशीन दोन्हींत असेल तर मोनोची अडचण बरीच कमी होते. हाताला त्रास असेल, किंवा कंट्रोलरवर एकही बटण मोकळं नसेल, तर ओपन माइकला इलाज नाही. अशा वेळी गेटची पातळी आपोआप न ठेवता हाताने खाली आणा, आणि कॉलच्या आधी एखादा बिनकामाचा शब्द टाका. 'ऐका, डावीकडे.' 'ऐका'तला 'ऐ' गेला तरी चालतो. आणि वेगवेगळे दोन माइक लावूनही आवाज सगळीकडेच खराब आला किंवा आलाच नाही, अगदी रेकॉर्डरवरसुद्धा, तर जॅक बघा. तीन धातूच्या भागांची पिन (काळ्या रेषा मोजू नका) आणि चार भागांचं सॉकेट अशी जोडी असली की माइक मुका राहतो. माइक आणि हेडफोनच्या पिना वेगळ्या करणारा स्प्लिटर लागेल, माइक नव्हे.

आज रात्री एवढं करा: गेममध्ये असताना बटण दाबून धरा, मित्राला तुमच्या नावाभोवतीचं वर्तुळ बघायला सांगा, मग बटण न सोडता ऑल्ट-टॅब करा. बाहेर आल्यावर ते हिरवं होतं का, ते इथे लिहा.