सरकारी वकिलाने फाशी मागितली की सोलापूरच्या सत्र न्यायालयाला ती द्यावीच लागते का?

नाही. सरकारी वकील फक्त मागणी करतो, शिक्षा न्यायाधीश ठरवतात. दोष सिद्ध झाल्यावर शिक्षेवर वेगळा युक्तिवाद होतो, तिथे ही मागणी येते. सर्वोच्च न्यायालयाच्या बच्चन सिंग खटल्यातल्या १९८० च्या निकालापासून कसोटी आहे ती 'दुर्मिळातील दुर्मिळ' प्रकरणाची, आणि फाशी द्यायची तर निकालपत्रात खास कारणे लिहावी लागतात. बाहेर मोर्चा निघाला हे त्यात बसत नाही. एक बाजू मात्र फारशी कुणी सांगत नाही: मनोज विरुद्ध मध्य प्रदेश या २०२२ च्या निकालानुसार आरोपीचे वय, घरची परिस्थिती, मानसिक तपासणीचा अहवाल हेसुद्धा सरकार पक्षानेच न्यायालयापुढे ठेवायचे असते. सरकारी वकील म्हणजे फिर्यादीचा खासगी वकील नव्हे, टीव्हीवर कितीही तसा दिसला तरी. शिवाय उच्च न्यायालयाने कायम केल्याशिवाय फाशी अमलात येत नाही. सोलापूरची प्रकरणे ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरमधल्या सर्किट बेंचकडे (फिरत्या पीठाकडे) जातात. फक्त एवढे लक्षात घ्या की जन्मठेप झाली तर शिक्षा वाढवून मागण्यासाठी सरकार अपील करू शकते.