अपील गैरहजेरीत निघालं तर आधी रोजनामा वाच

प्रिय मित्रा,

अपील काढून टाकल्याचं कळलं की अर्ज टाइप करायची घाई होते. त्याआधी रोजनामा (प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद) आणि आदेश दोन्ही शब्दन् शब्द वाच. 'पुकारा केला, अपीलदार व त्यांचे वकील गैरहजर, सबब अपील काढून टाकण्यात येते' एवढंच असेल, तर तो दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ४१, नियम १७ खालचा आदेश. तो हुकूमनामा (डिक्री, म्हणजे पक्षांच्या हक्कांचा निवाडा) होत नाही, हे कलम २(२) मध्येच आहे. त्यामुळे त्यावर दुसरं अपील चालत नाही. नियम १९ खाली फेरदाखलीचा, म्हणजे अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा, अर्ज करायचा.

कधी मात्र वकील नसताना कागद बघून 'अपिलात तथ्य नाही' असं लिहिलेलं असतं. तसा अधिकार न्यायालयाला नाही. १९७६ च्या दुरुस्तीने नियम १७ ला जोडलेलं स्पष्टीकरण हेच सांगतं, आणि घनश्याम दास गुप्ता विरुद्ध मखन लाल (२०१२) मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही. जिल्हा न्यायालयाचा असा निकाल असेल, तर कलम १०० खाली ९० दिवसांत उच्च न्यायालयात जा आणि कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न म्हणून हाच मुद्दा पहिला घे.

फेरदाखलीची मुदत ३० दिवस, मुदत कायद्याचा अनुच्छेद १२२. ती आदेशाच्या तारखेपासून धावते, तुला कळल्यापासून नाही. इथे हमखास घात होतो तो आदेशाच्या प्रमाणित नकलेपायी. अपिलाच्या मुदतीतून नक्कल मिळायला लागलेले दिवस वजा होतात. या अर्जाला ती सवलत नाही. नकलेचा अर्ज त्याच दिवशी टाक, पण नकलेसाठी थांबू नकोस. तीस दिवस उलटलेच, तर कलम ५ खाली विलंब माफीचा वेगळा अर्ज जोड.

खरी मेहनत प्रतिज्ञापत्रात आहे. 'अपरिहार्य कारणामुळे हजर राहता आले नाही' हे वाक्य लिहूच नकोस, त्यातून काहीच कळत नाही. वकील दुसऱ्या कोर्टात उभे होते? मग कोणतं कोर्ट, कोणता दावा, आणि त्या दिवसाच्या तिथल्या रोजनाम्याची प्रत. तारीख चुकीची टिपली? डायरीच्या त्या पानाची झेरॉक्स लाव, आणि चूक वकिलाची असेल तर प्रतिज्ञापत्रही वकिलाचंच हवं. पक्षकाराला ती गोष्ट ऐकीव असते. रफिक विरुद्ध मुन्शीलाल (१९८१) मध्ये वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको असं म्हटलंय, पण वर्षानुवर्षं चौकशीच न केलेल्या पक्षकाराला तो निवाडा वाचवेल या भरवशावर राहू नकोस.

अपील गेलं की त्यातली स्थगितीही जाते. समोरचा दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) पुढे रेटणार, ताब्याचं वॉरंट निघू शकतं. म्हणून फेरदाखलीसोबतच स्थगितीचा अर्ज दे आणि दरखास्तीची पुढची तारीख त्यात ठळक लिही.

अर्ज फेटाळला गेला, तर ऑर्डर ४३, नियम १(टी) खाली त्या आदेशावर अपील आहे. जिल्हा न्यायालयाचा आदेश असेल तर ते उच्च न्यायालयात, आणि तिथे नकलेचे दिवस वजा मिळतात.